आजोबांचं रडणं

सुहासचा फोन आला तेव्हा मी गवार मोडत बसले होते. सुहास म्हणजे माझ्या धाकट्या भावाचा मुलगा. पुण्यात असतो, लोकांची लग्नं आणि कंपन्यांचे समारंभ लावून देतो, त्यामुळे साधी बातमीही त्याच्या तोंडून वाजतगाजत येते.

“आत्या, पणजोबांचा पिक्चर सापडला!”

“हरवला कधी होता?” मी म्हटलं.

त्याला टोमणे कळत नाहीत. त्याची मुलगी मनवा सिनेमाचं शिक्षण घेते. परदेशातल्या कुठल्याशा संग्रहालयानं शंभर वर्षांपूर्वीचे मूकपट दुरुस्त करून इंटरनेटवर टाकले, त्यातल्या एकात तिला विष्णुपंत दिसले. घरातल्या फोटोवरून तिनं त्यांना ओळखलं. आता तो पिक्चर बेलापुरात मंगल कार्यालयात मोठ्या पडद्यावर दाखवायचा, गावातल्या एका चौकाला विष्णुपंतांचं नाव द्यायचं आणि नात म्हणून मी चार शब्द बोलायचे, असं सगळं त्याचं ठरूनही गेलं होतं.

“त्यांना पाहिलेली आपल्या घरात तू एकटीच उरलीस, दमयंतीआत्या,” तो म्हणाला. नाव घेऊन बोलला म्हणजे काम नक्की मोठं.

पण एवढं मात्र खरं होतं. म्हणून तर सांगते.

विष्णुपंत माझ्या वडिलांचे वडील. मोठ्या माणसांना अहो-जाहो करायचं ही आईची शिकवण, म्हणून त्यांना ‘ते’ म्हणते आहे. त्यापलीकडे काही समजू नये.

आमचं घराणं भिक्षुकीचं. विष्णुपंतांचा आवाज खणखणीत, चेहरा देखणा, आणि आपण देखणे आहोत हे त्यांना मिसरूड फुटायच्या आधीपासून ठाऊक. लग्न लवकर झालं, मुलगाही लवकर झाला. ते माझे वडील, रामहरी. घरात सगळे त्यांना बाळ म्हणत. बाळ रांगायला लागला न लागला तोच विष्णुपंत कुणा धनिकाच्या मदतीनं, दातांचा डॉक्टर होऊन येतो म्हणून बोटीत बसले आणि अमेरिकेला गेले. पुढे आयुष्यभर दात त्यांनी फक्त स्वतःचे घासले.

कॉलेज काही महिन्यांतच सुटलं. मग फळबागांत मजुरी, हॉटेलात बशा धुणं, असं करत ते लॉस एंजेलिसला पोचले. तिथं स्टुडिओच्या फाटकाशी रोज सकाळी माणसांची रांग लागायची. आतून एक साहेब बाहेर यायचा आणि घोडेगावच्या बाजारात म्हैस निवडावी तशी माणसं निवडायचा. हा उंच, हा काळा, हा दाढीवाला. विष्णुपंतांनी खिडकीच्या पडद्याचं कापड डोक्याला गुंडाळलं आणि रांगेत उभे राहिले. निवडले गेले. त्यानंतरच्या दहा-बारा वर्षांत त्यांनी अरबाचा गुलाम केला, चिनी जुगारी केला, तुर्की हेर, रेड इंडियन, फकीर, गारुडी, सगळं केलं. जगातली झाडून सगळी माणसं त्यांनी करून पाहिली, बेलापूरचा बाप तेवढा करायचा राहिला.

बहुतेक पिक्चरमध्ये शेवटी ते मरायचे. गोरा हिरो त्यांना गोळी घालायचा, नाहीतर कड्यावरून ढकलायचा. मूकपटात आवाज नसल्यामुळे काय बोलावं याचं बंधन नव्हतं, नुसते ओठ हलले की झालं. म्हणून मडमेला शाप देताना ते सरळ मंगलाष्टकं म्हणायचे. हे तेच मोठ्या अभिमानानं सांगत असत. इकडे आजी माहेरच्यांच्या दारात राहून बाळला वाढवत होती. तिला अमेरिकेहून काय यायचं, तर विष्णुपंतांचे फोटो.

मग बोलपट आला. त्यांनी तोंड उघडलं आणि कारकीर्द संपली.

ते परत आले तेव्हा वडील त्यांना आणायला स्टेशनवर गेले होते. सतरा-अठरा वर्षांचे असतील. गाडीतून सूटबूट घातलेला, भुवया कोरलेला एक माणूस उतरला, त्यानं समोरच्या पोराच्या डोक्यावर ट्रंक ठेवली आणि विचारलं, “गावापर्यंत काय घेशील?” वडिलांनी ती ट्रंक गावापर्यंत डोक्यावरून नेली. दारात उतरवली आणि आत जाऊन आजीला म्हणाले, “आले.” हे मला वडिलांनी एकदाच सांगितलं, तेही हसत हसत. मला हसू आलं नाही.

त्यानंतर मरेपर्यंत विष्णुपंत त्याच हमालाच्या जिवावर जेवले.

वडील साखर कारखान्यात टाइमकीपर झाले. विष्णुपंत ओट्यावर वेताची खुर्ची टाकून बसत. सकाळी गरम पाण्यानं दाढी, मिशी काड्यापेटीच्या काडीएवढी बारीक, आणि मग येणाऱ्याजाणाऱ्याला हॉलिवूडच्या गोष्टी. त्या गोष्टींत मोठमोठ्या नट्या त्यांचा सल्ला घेत, दिग्दर्शक त्यांच्यासाठी सेटवर खोळंबत. पुण्याच्या एका स्टुडिओनं त्यांना म्हाताऱ्या पुजाऱ्याचं काम देऊ केलं, तर हे म्हणाले, “मी राजे केलेत.” राजे केले नव्हते. राजाच्या मागे चवरी धरून उभे राहिले होते.

यातलं काहीही मी एकवेळ सोडून दिलं असतं. फुशारकी मारणारी म्हातारी माणसं गावोगाव असतात. पण माझा मोठा भाऊ श्रीधर होता. तो नऊ वर्षांचा असताना विषमज्वरानं गेला. मी सात वर्षांची होते, मला सगळं आठवतं. कारखान्याचा हंगाम जोरात होता, वडील कामावर होते. सकाळी श्रीधरचे डोळे फिरले. आई ओट्यावर धावत गेली.

“मामंजी, टांगा करून श्रीरामपूरहून डॉक्टरांना घेऊन येता का?”

त्या दिवशी नगरहून कुठल्याशा मासिकाचा माणूस त्यांचा फोटो काढायला यायचा होता. ते खुर्चीतून उठलेसुद्धा नाहीत.

“सूनबाई, मला असलं बघवत नाही. मी कलावंत माणूस, हळवा. शेजारच्या कुणाला तरी पाठव. आणि दाढीचं पाणी तेवढं ठेव.”

शेजारचे गेले. डॉक्टर आले तोवर सगळं आटोपलं होतं. विष्णुपंत आतल्या खोलीत आलेच नाहीत. फोटोवाला आला, दारातली गर्दी बघून तो मागे फिरला, तर हे ओट्यावरून त्याला म्हणाले, “तेरावं झालं की या.” त्यांच्या डोळ्यांत पाण्याचा टिपूस नव्हता. मी बघत होते.

आई त्यांना कधी बोलली नाही. मी मोठी झाल्यावर तिला विचारलं तर म्हणाली, “आडातच नाही, तर पोहऱ्यात कुठून येणार?” काही माणसं कोरडीच जन्मतात, त्यांच्यावर राग धरून उपयोग नाही, असं तिचं म्हणणं. मीही तेच धरून चालले. राग टाकला, किळस तेवढी ठेवली.

तर असे हे गृहस्थ, आणि त्यांचा चौक होणार होता.

मच्छिंद्र मला आमंत्रण द्यायला घरी आला. माझा जुना विद्यार्थी, शेतकरी, आता ग्रामपंचायतीत असतो. गणितात कच्चा होता, पण मनानं सरळ.

“बाई, आपल्या गावचा मानूस अमेरिकेत जाऊन हिरो झाला, ही काय लहान गोष्ट हाय व्हय? तुमी बोलायचंच.”

“मी बोलले तर तुम्हाला आवडणार नाही, मच्छिंद्र.”

“न्हाई आवडलं तरी ऐकू. शाळंत काय आवडत हुतं?”

मी हो म्हटलं.

मंगल कार्यालयाच्या फाटकावर फ्लेक्स लागला होता, ‘हॉलिवूडचे पहिले मराठी महानायक’. त्यावर विष्णुपंतांपेक्षा सुहासचा फोटो मोठा होता. रक्त बोलतं म्हणतात ते असं. आत अख्खं गाव लोटलं होतं. पहिल्या रांगेत पुढारी, मागे बायामाणसं. मी माझ्या शेजारणीबरोबर, मालनबाईबरोबर बसले. मालनबाई माझ्याच वयाची, सगळा जन्म शेतात गेलेला, अमेरिका कुठल्या दिशेला आहे हे विचारण्याच्या फंदात ती पडली नव्हती. तिला पिक्चर बघायचा होता.

मनवा माईक घेऊन पडद्याच्या बाजूला उभी राहिली. पडद्यावर इंग्रजी पाटी आली की ती मराठीत वाचायची. पिक्चर हिंदुस्थानातला होता, म्हणजे अमेरिकेत उभारलेल्या हिंदुस्थानातला. देवळाला घुमट मशिदीचा होता, मूर्तीला तोंड मांजराचं होतं आणि बायकांनी नेसलेल्या साड्या टॉवेलसारख्या दिसत होत्या. लोक मोकळेपणानं हसले. मीही हसले. गोरा लेफ्टनंट, त्याची सोनेरी केसांची मडम, बंगला, चहा. गाव आपल्या महानायकाची वाट बघत होतं.

मग एका प्रसंगात पडद्याच्या कडेनं एक माणूस ट्रे घेऊन वाकत वाकत आला.

“ते बघा पणजोबा!” सुहास पुढच्या रांगेतून ओरडला.

सगळ्यांनी माना उंचावल्या. हिरो तर तो गोरा होता. आपला माणूस नोकर होता. त्याला नावही नव्हतं, मनवा नुसतं ‘हिंदू नोकर’ असं वाचत होती. लेफ्टनंटनं चहा थंड आहे म्हणून त्याला लाथ मारली, तो कोलमडला, उठला आणि पुन्हा वाकला. मच्छिंद्रनं मागून शिवी हासडली. पुढाऱ्यांनी मोबाईल काढले. मी मांडी सावरून बसले. खरं सांगते, मला बरं वाटत होतं. इतकी वर्षं ओट्यावरून ऐकलेले सगळे राजे आता पडद्यावर लाथा खात होते.

पुढे गोष्ट अशी होती की या नोकराचा मुलगा आजारी पडतो. औषधासाठी नोकर मडमेचा हार चोरतो, पकडला जातो, चाबकाचे फटके खातो. सुटून घरी पोचतो तोवर मुलगा गेलेला असतो. झोपडीत खाटेवर एक काळं पोर निपचित पडलेलं. विष्णुपंत दारातून आत आले. आल्या आल्या रडले नाहीत. खाटेशी उकिडवे बसले आणि पोराचे तळपाय हातात घेऊन चोळायला लागले, थंडी वाजत असेल तर ऊब यावी असे. मग एकदम थांबले. तळपायांवर कपाळ टेकलं. चेहरा वर केला तेव्हा तो सगळा भिजला होता. नाक गळत होतं, खालचा ओठ थरथरत होता, आणि देखणेपणाची त्यांना काडीची पर्वा राहिलेली नव्हती.

डीजेवाल्या अंगदनं मघापासून लावलेली बासरी बंद केली. त्याला कुणी सांगितलं नव्हतं.

पडद्यावर त्यांचे ओठ हलत होते. मनवानं पाटीची वाट पाहिली, पण पाटी आली नाही. त्या माणसाच्या बोलण्याची दखल पिक्चर काढणाऱ्यांनी घेतलेलीच नव्हती. ते पुन्हा पुन्हा तेच काहीतरी बोलत होते.

माझ्या शेजारून मालनबाई मोठ्यानं म्हणाली, “ऊठ रे बाळा म्हनतोय. आगं बाई, मराठीत बोलतोय त्यो! ऊठ रे बाळा!”

मग सगळ्यांना ते वाचता आलं. ऊठ रे बाळा, ऊठ रे. सगळ्या हॉलभर बायका पदर तोंडाला लावून रडायला लागल्या. मच्छिंद्रही डोळे पुसत होता. मालनबाईनं माझा हात धरला, तिला वाटलं मीही रडत असेन.

मी रडत नव्हते. आजपर्यंत मी त्या माणसाला एक सूट देऊन ठेवली होती. त्याच्यात नव्हतंच, म्हणून त्यानं दिलं नाही, अशी. आणि आता तो समोर बसून सगळं देत होता, ओंजळी भरभरून, एका भाड्यानं आणलेल्या पोराला. आड काठोकाठ भरलेला होता. आमच्या घरात त्यानं पोहराच सोडला नव्हता.

पुढे त्यांना गोळी लागली, ते मेले, लेफ्टनंटनं मडमेचं चुंबन घेतलं आणि पिक्चर संपला. टाळ्या थांबेनात. सुहासनं मला स्टेजवर नेलं. त्यानं लिहून दिलेली चार वाक्यं माझ्या पर्समध्ये होती, ती तिथंच राहिली.

“माझे आजोबा एवढं चांगलं रडायचे हे मला आज कळलं,” मी म्हटलं. “माझा भाऊ श्रीधर आतल्या खोलीत मरत होता तेव्हा ते ओट्यावर बसले होते. माझ्या आईनं डॉक्टरांना आणायला सांगितलं, तर म्हणाले, मला असलं बघवत नाही. आणि दाढीचं पाणी मागितलं. आम्ही समजत होतो, या माणसाला रडता येत नाही. येत होतं. उत्तम येत होतं. ते काम होतं आणि आम्ही घरचे होतो, एवढाच फरक. तुम्हाला चौकाला नाव द्यायचंय तर द्या. पण ते नट होते म्हणून द्या. मोठा माणूस म्हणून देऊ नका.”

सुहासनं माझ्या हातातून माईक हळूच काढून घेतला.

“आत्या आज फार भावुक झाली आहे. साहजिक आहे. आजोबांच्या आठवणीनं कुणाचंही मन भरून येईल. जोरदार टाळ्या होऊ द्या!”

आणि झाल्या. काही लोकांना तर वाटलं मी कौतुकच केलं. दोन पुढाऱ्यांनी वाकून नमस्कार केला. स्टेजवरून उतरताना मला त्या टाळ्या वाजवणाऱ्या हातांचीही शिसारी आली. मच्छिंद्र तेवढा हात बांधून उभा होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी मनवा माझ्याकडे आली. ती रात्री झोपलेली दिसत नव्हती. चांगली मुलगी आहे, बापावर गेलेली नाही.

“आत्याआजी, एक विचारू? तुझ्या बाबांना घरात बाळ म्हणायचे ना?”

“हो.”

“मग ते पडद्यावर त्यांनाच हाक मारत असतील. तिकडे राहून त्यांना मुलाची आठवण येत असणार. त्याशिवाय इतकं खरं रडू येईल का?”

“येत असेल आठवण.”

“म्हणजे त्यांचं प्रेम होतं.”

“मग यायचं होतं,” मी म्हटलं. “बोटी चालू होत्या.”

तिनं खुर्ची माझ्याजवळ ओढली.

“पण तू एवढी कठोर होऊ नकोस ना. लाथा खाऊन जगत होते ते तिकडे.”

“लाथा खाल्ल्या ते मी काल पाहिलं. त्याचं मला वाईटही वाटलं, अगदी नाही असं नाही. पण बघ, पोटच्या पोराची आठवण काढून रडायचं, ते रडणं कॅमेऱ्यापुढे विकायचं आणि ते पोर स्टेशनवर समोर उभं राहिलं की त्याच्या डोक्यावर ट्रंक ठेवायची. न रडणारा माणूस मला परवडला असता, मनवा.”

ट्रंकेची गोष्ट तिला ठाऊक नव्हती. मी सांगितली. ती ऐकून तिनं चहाचे कप विसळून ठेवले आणि ती पुण्याच्या गाडीला गेली. जाताना मिठी मारली. तिनं आपल्या शोधनिबंधात काय लिहायचं ते तिचं तिनं ठरवावं.

महिन्याभरानं चौकाचा कार्यक्रम झाला. मच्छिंद्र आदल्या दिवशी येऊन दारातच उभा राहिला होता.

“बाई, तुमी त्या दिवशी बोलल्या त्ये मला पटलं. पन पाटी आता रंगवून झालीया. पावनं बी सांगितलेत.”

“मग लावा की. पाटीला काय कळतंय.”

“तुमी येनार का?”

“येईन. बघायला.”

गेले. तालुक्याचे कुणी पुढारी तासभर उशिरा आले. त्यांना कुणी काय सांगितलं होतं देव जाणे, त्यांनी विष्णुपंतांना थेट स्वातंत्र्यसैनिक करून टाकलं. अमेरिकेत राहून त्यांनी इंग्रजांविरुद्ध जनमत तयार केलं, असं ते म्हणाले. सुहास बाजूला उभा राहून मान डोलावत होता. विष्णुपंत असते तर त्यांनीही डोलावली असती, आणि संध्याकाळी ओट्यावर तुरुंगातल्या दोन गोष्टी रचून सांगितल्या असत्या. मी मधूनच उठले आणि समोरच्या गल्लीत मालनबाईच्या घरी गेले. ती कार्यक्रमाला आलीच नव्हती, शेंगा फोडत बसली होती.

“भाशनं लई लांबतात,” ती म्हणाली आणि चहा टाकला.

बाहेर लाऊडस्पीकर चालू होता. आम्ही दोघी चहा प्यायलो. मग तिनं विचारलं, “बाई, तुमच्या भावाचं नाव काय म्हनला हुता त्या दिवशी?”

“श्रीधर.”

“कसा हुता?”

आईवडील गेल्यापासून मला हे कुणी विचारलं नव्हतं. सुहासला तर आपल्याला असा कुणी काका होता हेही त्या दिवशी स्टेजवर कळलं असेल.

“वांड होता,” मी म्हटलं. “प्रवरेवर पोहायला गेला की बुडी मारून लव्हाळ्यात दडून बसायचा. आम्ही काठावर रडायला लागलो की मागून येऊन ओल्या हातानं डोळे झाकायचा. आई मारायची त्याला. मार खातानाही हसायचा.”

“काळा का गोरा?”

“काळा. वडिलांसारखा. समोरचा एक दात पडलेला, तो यायचाच होता अजून.”

मालनबाई हसली. बाहेर टाळ्या झाल्या, पाटीवरचा पडदा ओढला असावा. तिनं सूप माझ्याकडे सरकवलं, आणि मी शेंगा फोडता फोडता तिला श्रीधरनं मारुतीच्या देवळातल्या घंटेची दोरी कशी कापून आणली होती ते सांगायला लागले.